गाडीची ब्रेक लाइट गेली? नवीन बल्ब घालण्याआधी होल्डर बघा

तवंदी घाट उतरताना पुढच्या गाडीने ब्रेक मारला आणि तिची ब्रेक लाइट पेटलीच नाही, तर मागच्याला ते कळेपर्यंत मधलं अंतर संपलेलं असतं. ताशी ६० किलोमीटरच्या वेगात गाडी एका सेकंदात जवळजवळ १७ मीटर जाते. मागच्याला एक सेकंद उशीर झाला, तर चार मोटारी एकामागे एक उभ्या राहतील एवढा रस्ता गेला. त्यात आपल्या बेळगाव भागातलं गाडी चालवणं सोपं नाही. पावसाळ्यात जांबोटी-कणकुंबीकडे झड सुटत नाही, थंडीत पहाटे हायवेवर धुकं असतं, आणि ऊस सुरू झाला की रात्री मागे एकही दिवा नसलेल्या जोडट्रॉल्या रस्त्यावर येतात. अशी ट्रॉली हेडलाइटच्या उजेडात एकदम समोर आली की आपण ब्रेकवर उभे राहतो. त्या वेळी मागच्या माणसाला सावध करायला आपल्याकडे ती तांबडी लाइट सोडून काही नसतं.

ती गेलेली मात्र चालकाला बसल्या जागेवरून दिसत नाही. कोणीतरी सांगावं लागतं. सिग्नलला शेजारी थांबलेला दुचाकीवाला "मामा, डावीकडची ब्रेक लाइट पेटंना झालीय बघा" असं सांगून जातो, तेव्हा तो आपल्यावर उपकारच करतो. त्याला हात दाखवा आणि त्याच दिवशी हे काम उरका.

काम अवघड नाही. आजवर हातात पाना धरलेला नसला तरी जमेल. पहिल्यांदा करताना अर्धा तास हाताशी ठेवा, पुढच्या वेळी दहा मिनिटं पुरतात. साधा बल्ब शंभर रुपयांच्या आत मिळतो. फक्त एक गोष्ट सुरुवातीलाच सांगून ठेवतो, कारण नवशिके नेमके तिथेच फसतात. आपल्याकडचा पाऊस आणि खानापूर भागातली तांबडी धूळ यामुळे पुष्कळदा बल्ब धडधाकट असतो आणि खराब झालेला असतो तो होल्डर. नवीन बल्ब घातला की हलवाहलवीने लाइट तेवढ्यापुरती पेटते, माणूस खूश होऊन डिकी लावतो आणि पंधरा दिवसांत लाइट परत जाते. म्हणून खाली बल्बापेक्षा होल्डरबद्दल जास्त लिहिलं आहे.

आधी काय गेलंय ते नक्की करा

संध्याकाळी अंधार पडताना गाडीची पाठ भिंतीकडे करून उभी करा. दोन-तीन हात अंतर पुरे. ब्रेक दाबा आणि आरशातून भिंतीवर पडणारा तांबडा उजेड बघा. एका बाजूला उजेड कमी दिसला तर ती बाजू गेली. घरातलं कोणी मागे उभं राहून सांगणार असेल तर उत्तमच. एकटे असाल तर मोबाइल मागे विटेला टेकवून व्हिडिओ चालू करा, गाडीत बसून ब्रेक चार-पाच वेळा दाबा-सोडा आणि मग बघा. झाडूची काठी ब्रेक पेडल आणि सीट यांच्या मध्ये अडकवूनही पेडल दाबून ठेवता येतं, पण काठी घसरणार नाही एवढी काळजी घ्या. बऱ्याच गाड्यांत चावी बंद असतानाही ब्रेक लाइट पेटते. तुमच्या गाडीत पेटत नसेल तर चावी एक-दोन घर फिरवा, इंजिन चालू करायची गरज नाही.

आता नीट बघा, कारण लाइट कशी गेली यावरून निम्मं निदान होतं.

एकच बाजू गेली असेल आणि बाकी सगळं व्यवस्थित असेल, तर बल्ब किंवा त्याचा होल्डर. हा लेख मुख्यतः त्यासाठीच आहे.

डावी, उजवी आणि मागच्या काचेवरची तिसरी अशा सगळ्याच गेल्या असतील, तर सगळे बल्ब एकाच दिवशी उडण्याची शक्यता फार कमी. तिथे फ्यूज किंवा पेडलजवळचा स्विच बघायचा. त्याबद्दल शेवटी लिहिलं आहे.

तिसरा प्रकार मात्र नवख्यांना हमखास चकवतो. ब्रेक दाबला की त्याच बाजूचा इंडिकेटर मंद पेटतो, किंवा पार्किंग लाइट चालू असताना ब्रेक दाबला तर ती विझते. हे बघून माणूस म्हणतो, वायरिंग जळलं. तसं नसतं. बल्बातून गेलेली वीज गाडीच्या पत्र्यावाटे बॅटरीकडे परत जाते, त्याला अर्थिंग म्हणतात. ही परतीची वाट गंजून बंद झाली की वीज शेजारच्या बल्बातून वाट काढते, आणि तो शेजारचा बल्ब अर्धवट पेटतो. असं दिसलं की नवीन बल्बाने काही होणार नाही हे आधीच ओळखा.

आणखी एक गैरसमज. रात्री मागची तांबडी लाइट पेटलेली दिसते, म्हणून बल्ब चांगला आहे असं समजू नका. पुष्कळ गाड्यांत एकाच बल्बात दोन तारा असतात. बारीक तार ५ वॅटची, ती टेल लाइट. जाड तार २१ वॅटची, ती ब्रेक लाइट. एक तुटली तरी दुसरी पेटत राहते. टेल लाइट पेटते आणि ब्रेक दाबल्यावर उजेड वाढत नाही, तर त्या बल्बातली जाड तार गेली आहे, किंवा तिच्यापर्यंत वीज पोचत नाही.

हत्यारं

दोन नंबरचा चार धारांचा, म्हणजे स्टार स्क्रूड्रायव्हर आणि दहाचा पाना एवढ्यावर बहुतेक गाड्यांचं काम होतं. त्याशिवाय जुनं मऊ फडकं, बॅटरी किंवा मोबाइलचा उजेड, बारीक काचपेपरचा बोटाएवढा तुकडा, आणि जुना टूथब्रश. स्क्रू ठेवायला एक वाटी घ्या. डिकीच्या कडेवरून घरंगळलेला स्क्रू बंपरच्या आत गेला की तो काढण्यात अख्खी सकाळ जाते.

गाडी सपाट जागी लावा, हँडब्रेक ओढा, चावी काढून खिशात ठेवा, सगळे दिवे बंद. बॅटरीची तार सोडायची गरज नाही. नुकतीच गाडी चालवून आला असाल तर दहा मिनिटं थांबा. २१ वॅटचा बल्ब बोट भाजेल इतका तापलेला असतो.

लॅम्प सोडवणं

इथे गाडीनुसार फरक पडतो. मॅन्युअल असेल तर त्यात चित्रासहित दिलेलं असतं, ते आधी उघडा. सेकंडहँड गाडी घेताना मॅन्युअल मिळालं नसेल तर कंपनीच्या वेबसाइटवर बहुतेक गाड्यांचं मिळतं.

साधारण दोन तऱ्हा. हॅचबॅक गाडीत मागचं दार उघडलं की लॅम्पच्या आतल्या कडेला, एरवी दाराने झाकलेल्या जागेत, दोन स्क्रू दिसतात. काही गाड्यांत त्यावर प्लॅस्टिकची छोटी टोपी असते, ती नखाने किंवा कार्ड घालून उचला. स्क्रू काढले तरी लॅम्प सुटत नाही, कारण बाहेरच्या बाजूला त्याच्या दोन प्लॅस्टिकच्या खुंट्या गाडीच्या भोकात दाबून बसवलेल्या असतात. लॅम्प दोन्ही हातांनी धरा आणि सरळ मागे, म्हणजे गाडीच्या शेपटीच्या दिशेने ओढा. बाजूला वाकवू नका. वाकवलं की खुंटी मोडते आणि पुढे तो लॅम्प कायम खडखडत राहतो. बरीच वर्षं न काढलेला लॅम्प चिकटून बसलेला असतो. अशा वेळी कडेला फडकं लावून लाकडी उलथन्याचा दांडा हळूच सरकवा. स्क्रूड्रायव्हर घालून उचकटलं तर रंग जातो, आणि आपल्या पावसात रंग गेलेल्या जागी गंज चढायला वेळ लागत नाही.

डिकी असलेल्या सेडानमध्ये बहुतेक वेळा लॅम्प बाहेर काढावाच लागत नाही. डिकीच्या आत कोपऱ्यातलं कापडी अस्तर किंवा झाकण बाजूला केलं की लॅम्पची पाठ दिसते. तिथून होल्डर फिरवून काढायचा.

लॅम्प हातात आला की त्याला वायरवर लोंबकळू देऊ नका. खाली फडकं अंथरून त्यावर ठेवा.

बल्ब बाहेर काढणं

लॅम्पच्या पाठीमागे वायर जोडलेले गोल होल्डर दिसतील. एक ब्रेक आणि टेलचा, एक इंडिकेटरचा, एखादा रिव्हर्सचा. पिवळसर काचेचा बल्ब इंडिकेटरचा असतो, त्याला हात लावू नका. कोणता ब्रेकचा हे कळत नसेल तर पार्किंग लाइट क्षणभर चालू करून कोणता बल्ब पेटतो ते बघा आणि परत बंद करा. होल्डर डावीकडे, म्हणजे घड्याळाच्या उलट दिशेने, पाव फेरा फिरवला की बल्बसहित बाहेर येतो.

पितळी बुडाचा बल्ब होल्डरमध्ये जरा आत दाबायचा आणि दाबूनच डावीकडे फिरवायचा. खालच्या स्प्रिंगमुळे तो आपोआप वर येतो. काचेचंच चपटं बूड असलेला बल्ब असेल तर फिरवू नका, सरळ ओढा.

बूड गंजून चिकटलं असेल तर जोर लावताना काच हातात फुटते. म्हणून बल्बभोवती फडकं गुंडाळूनच धरा. काच फुटून बूड आत राहिलंच, तर चावी बंद असल्याची खात्री करून बारीक तोंडाच्या पकडीने बुडाची कड धरा, आत दाबा आणि फिरवा. काचेचे तुकडे कागदात बांधून टाका. लॅम्पच्या आत पडलेले तुकडे तिथेच राहू देऊ नका.

आता बल्ब उजेडाकडे धरून बघा. तार तुटलेली असेल तर दिसते. काच आतून काळपट-रुपेरी झाली असेल तर बल्ब वापरून वापरून संपला आहे. आतून पांढरी भुकटी बसली असेल तर काचेला तडा जाऊन हवा आत शिरली आणि तार जळाली. आणि तार शाबूत, काच स्वच्छ असेल, तर थांबा. बल्ब फेकू नका. दोष होल्डरमध्ये असण्याचीच शक्यता जास्त.

होल्डर

बॅटरीचा उजेड थेट होल्डरच्या तोंडात टाका आणि डोळा जवळ नेऊन बघा. दुहेरी तारेच्या बल्बाच्या होल्डरमध्ये तळाशी दोन छोट्या पट्ट्या किंवा गोल टोकं दिसतील. एक ब्रेकची, एक टेलची. बाजूची पितळी भिंत म्हणजे अर्थिंग. चांगल्या होल्डरमध्ये ही टोकं पिवळी, चकचकीत असतात आणि बोटाने दाबली तर लगेच उसळून वर येतात. आपल्याकडच्या चार-पाच पावसाळे काढलेल्या गाडीत बहुधा वेगळंच दिसतं. टोकांवर हिरवा कळंक चढलेला असतो, तांब्याच्या घागरीला चढतो तसा, आणि त्यावर तांबड्या मातीचा पातळ थर. हा थर वीज अडवतो. ५ वॅटच्या तारेला वीज थोडी लागते, ती कशीबशी जाते. २१ वॅटच्या तारेला १२ व्होल्टवर पावणेदोन अँपियर लागतात, ते तिथे अडतं. म्हणूनच टेल लाइट पेटते आणि ब्रेक लाइट पेटत नाही, किंवा पेटली तरी काजव्यासारखी.

साफ करायला काचपेपरची सुरळी करा किंवा पेन्सिलीच्या मागच्या टोकाला गुंडाळा. टोकांवर आणि भिंतीवर हलक्या हाताने घासा, पितळेचा पिवळा रंग दिसेपर्यंत. जास्त घासू नका, वरचा मुलामा निघाला की पुढच्या वेळी कळंक लवकर चढतो. मग टूथब्रशने भुकटी झाडून काढा. पाणी, रॉकेल, पेट्रोल काहीही लावू नका. कोणी ग्रीस किंवा व्हॅसलीन भरायला सांगेल, तेही नको. बल्ब तापतो, ते वितळून वाहतं आणि धुळीला चिकटायला आणखी एक जागा मिळते. ऑटो इलेक्ट्रिकलच्या दुकानात कॉन्टॅक्ट क्लीनरचा स्प्रे मिळतो, तो मात्र चांगला. फवारल्यावर पूर्ण वाळू द्या.

टोकं दबून तिथेच बसली असतील तर बारीक चपट्या स्क्रूड्रायव्हरने एखादा मिलिमीटर वर उचला. बल्बच्या बुडाला ती घट्ट टेकली पाहिजेत.

होल्डरचं प्लॅस्टिक तपकिरी पडलंय, वितळून वाकडं झालंय किंवा जळका वास येतोय, तर साफ करण्यात अर्थ नाही. ढिला कॉन्टॅक्ट तापत राहतो, त्यानेच ते झालेलं असतं. कोणी आधी जास्त वॅटचा बल्ब घातला असेल तरी असं होतं. होल्डर बदला, तो सुटा मिळतो. उद्यमबागेत किंवा गावातल्या वायरिंगच्या कामाच्या दुकानात जुन्या वायरवर नवीन होल्डर जोडून देतात. जोडलेल्या जागी नुसती टेप नको, झाळून वर आकसणारी नळी बसवायला सांगा.

बल्ब आणताना

जुना बल्ब खिशात टाका आणि दुकानात तोच दाखवा. बुडावर १२ व्ही २१/५ डब्ल्यू किंवा पी २१/५ डब्ल्यू असं कोरलेलं असतं. पहिला आकडा ब्रेकचा, दुसरा टेलचा. बुडाच्या दोन्ही बाजूंच्या खिळ्यांकडेही बघा. दुहेरी तारेच्या बल्बाचे खिळे वरखाली असतात, म्हणजे तो उलटा बसू नये. ब्रेकसाठी वेगळा बल्ब असलेल्या गाडीत एकेरी तारेचा पी २१ डब्ल्यू लागतो, त्याचे खिळे समान उंचीवर आणि तळाला एकच टिकली. एकाच्या जागी दुसरा जोर लावून बसवला तर होल्डर बिघडतो, किंवा टेल लाइट लावल्यावर ब्रेक लाइटच पेटून राहते. मग मागच्याला तुम्ही ब्रेक मारला की नाही हे रात्रभर कळणार नाही.

हायवेच्या कडेला, निपाणी-संकेश्वर पट्ट्यात, दुकानं मुख्यतः ट्रकच्या सामानाची. तिथे बल्ब घेताना व्होल्ट वाचा. ट्रकचा बल्ब २४ व्होल्टचा असतो, दिसायला अगदी सारखा, होल्डरमध्येही नीट बसतो. मोटारीच्या १२ व्होल्टवर तो नारिंगी, मंद पेटतो. दुकानदाराने घाईत दिला आणि तुम्ही घाईत घेतला, तर घरी येऊन उगाच वायरिंग तपासत बसाल.

दोन बल्ब घ्या. दोन्ही बाजूंचे बल्ब सारखेच वापरलेले असतात, एक गेला की दुसराही मार्गावर असतो. शक्य तर दोन्ही बाजू बदला आणि जुना चालू बल्ब कागदात गुंडाळून डॅशबोर्डच्या खणात ठेवा. चोर्ला घाटातून रात्री येताना बल्ब उडाला, तर तिथे दुकान सापडणार नाही.

बल्ब काढून ठेवलेली गाडी घेऊन दुकानात जाऊ नका. दुचाकीवरून जा, नाहीतर दिवसाउजेडी दुसऱ्या कोणाची गाडी घ्या.

बसवणं आणि तपासणं

नवीन बल्बाची काच फडक्याने पुसून घ्या. हेडलाइटच्या हॅलोजन बल्बाला उघड्या बोटाचा स्पर्श चालत नाही, तेवढा हा नाजूक नसतो, पण तेलकट डाग नकोच. बुडाचे खिळे होल्डरच्या खाचांसमोर आणा, आत दाबा, उजवीकडे फिरवा. खिळे वरखाली असतील तर बल्ब एकाच दिशेने बसतो. बसत नसेल तर जोर न लावता अर्धा फेरा फिरवून पुन्हा बघा. बसल्यावर बल्ब डुलता कामा नये.

लॅम्प परत लावण्याआधी तपासा. आधी पार्किंग लाइट लावा, बारीक उजेड दिसला पाहिजे. ती चालू ठेवूनच ब्रेक दाबा, उजेड एकदम वाढला पाहिजे. मग ब्रेक दाबून ठेवा आणि इंडिकेटर लावा. इंडिकेटरबरोबर ब्रेक लाइटही लुकलुकत असेल तर अर्थिंग अजून नीट झालेलं नाही. ही तिसरी तपासणी बहुतेक जण करत नाहीत, आणि नेमका बाकी राहिलेला दोष तिथेच सापडतो. पेटलेला असताना होल्डर बोटाने हलवूनही बघा. हलवल्यावर लाइट जात असेल तर खड्ड्यातही जाणार.

सगळं ठीक असेल तर होल्डर उजवीकडे फिरवून बसवा, लॅम्पच्या खुंट्या भोकांसमोर धरून तळव्याने दाबा, खट्ट असा आवाज आला की स्क्रू लावा. स्क्रू हाताला लागेल तेवढेच आवळा. प्लॅस्टिकला तडा गेला की त्यातून पाणी शिरतं.

पाणी आत येतंच कसं

लॅम्प आणि पत्रा यांच्या मध्ये फोमची किंवा रबराची गॅस्केट असते. लॅम्प काढलाच आहे तर ती बघा. दबून कडक झाली असेल, तुटली असेल तर बदला. लॅम्पला खालच्या बाजूला बारीक छिद्रं असतात. ती हवा खेळण्यासाठी असतात, दोष नव्हे. कोणी सिलिकॉन लावून बंद केली तर आतलं बाष्प आतच राहतं आणि होल्डरवर कळंक दुप्पट वेगाने चढतो. पावसानंतर काच आतून थोडी धुरकट होणं आणि उन्हात निवळणं हे चालतं. पण तळाशी पाणी साठून हलताना दिसत असेल तर लॅम्प काढा, उन्हात उलटा ठेवून वाळवा, छिद्रं टाचणीने मोकळी करा आणि मगच लावा.

खंडेनवमीला गाडी धुतो, तेव्हा प्रेशरच्या पाइपचं तोंड लॅम्पच्या कडांवर धरू नका. वॉशिंगला गाडी दिली असेल तर तिथल्या पोरालाही तेवढं सांगा. पाऊस वरून पडतो, कडेने पाणी सहसा शिरत नाही. प्रेशरचं पाणी मात्र गॅस्केटच्या आत घुसतं.

लॅम्पची काच फुटली असेल तर तांबडी पारदर्शक टेप हा दोन दिवसांचा उपाय. फुटलेल्या जागेतून पांढरा उजेड मागे जातो आणि मागच्याचा गोंधळ होतो. काळी फिल्म लावून घेतली असेल तर ती काढून टाका, ब्रेक लाइटचा उजेडच तिने खाल्लेला असतो. केंद्रीय मोटार वाहन नियम, १९८९ मध्ये ब्रेक लाइट सक्तीची आहे, आणि हा नियम कर्नाटक-महाराष्ट्र सीमेवरच्या कोगनोळी नाक्याच्या अलीकडे, पलीकडे आणि चोर्ल्याच्या खाली गोव्यात, सगळीकडे एकच आहे.

एलईडी घालावा का

बाजारात साध्या होल्डरमध्ये बसणारे एलईडी बल्ब मिळतात. एलईडी क्षणात पेटतो, साध्या बल्बाच्या तारेला तापायला सेकंदाचा साधारण पाचवा भाग लागतो. एवढा फायदा खरा आहे. तरीही साध्या बल्बासाठी बनवलेल्या लॅम्पमध्ये तो घालू नये असंच माझं मत. लॅम्पच्या आतला आरसा तारेच्या जागेचा हिशोब करून घडवलेला असतो, एलईडीचा उजेड त्यात नीट पसरत नाही. स्वस्त एलईडीत टेल आणि ब्रेक यांच्या उजेडात फरकही थोडाच असतो, आणि मागच्याला तो फरकच तर दिसायला हवा.

कंपनीनेच एलईडी टेल लाइट दिलेली असेल तर त्यात बदलायला बल्ब नसतो. तिथे पूर्ण लॅम्प किंवा त्यातला बोर्ड बदलावा लागतो. वॉरंटी असेल तर तो न उघडता सर्व्हिस सेंटरला दाखवा. मागच्या काचेवरची तिसरी लाइटही पुष्कळ गाड्यांत एलईडीचीच असते.

तरीही पेटत नसेल तर

सगळ्याच ब्रेक लाइट गेल्या असतील तर आधी फ्यूज. फ्यूजबॉक्स बहुधा स्टीअरिंगच्या खाली किंवा बॉनेटमध्ये असतो, झाकणाच्या आत नकाशा असतो. ब्रेक किंवा स्टॉप लिहिलेला फ्यूज चिमट्याने ओढा. आतली पट्टी तुटलेली दिसली तर तेवढ्याच अँपियरचा नवीन घाला. आकडा फ्यूजवरच लिहिलेला असतो. जास्त अँपियरचा घालणं किंवा तांब्याची तार बांधणं म्हणजे वायरिंगला आग लावायला निमंत्रण. नवीन फ्यूज लगेच उडाला तर कुठेतरी वायर पत्र्याला लागते आहे, पुढचं काम वायरिंगवाल्याचं.

फ्यूज चांगला असेल तर पेडलजवळचा स्विच. ब्रेक पेडलच्या दांड्याजवळ, वरच्या बाजूला छोटी कांडी असलेला एक स्विच असतो. पेडल दाबलं की कांडी बाहेर येते आणि लाइट पेटते. काही गाड्यांत कांडीसमोरचा रबराचा किंवा प्लॅस्टिकचा बटणाएवढा तुकडा कालांतराने भुसभुशीत होऊन पडतो. मग उलटंच होतं, लाइट कायम पेटून राहते आणि सकाळी बॅटरी उतरलेली असते. पायाखालच्या मॅटवर प्लॅस्टिकचा चुरा सापडला तर तोच तुकडा समजा.

मागच्या दारावरच लॅम्प असलेल्या गाडीत दार आणि छत यांच्या मध्ये रबराची नागमोडी नळी असते, तिच्यातून वायर जातात. दार हजारदा उघडझाप होतं आणि त्यात वायर आतल्या आत तुटते. दार हलवताना लाइट येत-जात असेल तर जागा तीच.

इथपर्यंत येऊनही उलगडा झाला नाही तर ऑटो इलेक्ट्रिशियनकडे जा. पण नुसतं "लाइट पेटत नाही" असं सांगू नका. कोणती बाजू, टेल पेटते का, इंडिकेटर मंद पेटतो का, बल्ब बदलला का, होल्डर घासला का, फ्यूज बघितला का, हे सगळं सांगा आणि काढलेला जुना बल्ब त्याच्या हातात द्या. तो टेस्टलॅम्प लावून आधी होल्डरपर्यंत वीज येते का आणि मग अर्थिंग मिळतं का ते बघेल. बघताना शेजारी उभे राहा, तुमच्या गाडीचं अर्थिंग नेमकं कोणत्या बोल्टवर आहे ते विचारून घ्या. तो बोल्ट बहुतेक वेळा डिकीच्या कोपऱ्यात, अस्तराच्या मागे असतो, आणि दरवर्षी पावसाळा संपला की एकदा सोडवून, घासून, परत आवळला तर पुरतं.